मुदिता : वाक्यात उपयोग करा

—नाही, 'आनंद' नव्हे. तुम्ही आत्ता काय म्हणालात? 'आम्ही दोघं लग्न करतोय, तुम्हाला आनंद व्हावा एवढीच इच्छा आहे.' बरोबर? वाक्य चांगलं आहे, जिन्यात पाठ करत आला असाल तरी चांगलं आहे, पण शब्द चुकला. आनंद कसला असतो? स्वतःच्या गोष्टीचा. माझी दाढ दुखायची थांबली — आनंद. तुमचं लग्न ठरलं त्याचं मला जे काही व्हायला हवं, त्याला वेगळा शब्द आहे. तो बघा, तुमच्या मागं, फळ्यावर. वळवा की मान, लिफ्टवाले, ती काही दोन मजल्यांच्या मध्ये अडकलेली नाही. मुदिता. — अहो, त्या खुर्चीवर नको, ती मुलाची आहे, म्हणजे होती, आता कुणाचीच नाही, पण पाय हलतो तिचा. ही घ्या. आणि चहा घ्या. साखर कमी वाटेल. मला कमी लागते, म्हणून या घरात सगळ्यांनाच कमी लागते. ती येईल एवढ्यात, आत भांडी घासतेय. नळ ऐकू येतोय ना? विचार करायचा असला की माझी मुलगी भांडी घासते. घासून झालेली पुन्हा घासते. तुम्हाला हे माहीत असेलच म्हणा. नाही माहीत? हं. चांगलं आहे. लग्न करताय आणि माहीत नाही.

तर मुदिता. दुसऱ्याचं सुख पाहून आपल्याला होणारं सुख — ज्यात आपला काडीचाही वाटा नाही असं. कौतुक नव्हे हां, कौतुक करणारा जरा उंचावर बसलेला असतो. अभिमानही नव्हे, अभिमानात 'माझा' येतो. निव्वळ दुसऱ्याचं बरं झालं म्हणून बरं वाटणं. जुन्यांनी चार शब्द एकत्र बांधले होते — मैत्री, करुणा, मुदिता, उपेक्षा. पहिले दोन तुम्हालाही माहीत असतील. चौथ्याचा अर्थ होता, दुसऱ्याच्या वाइटाकडे कानाडोळा करून मन शांत ठेवणं. आपण त्याचं काय केलं? आता म्हाताऱ्या बापाची उपेक्षा होते. आणि तिसरा मेला. का मेला? वापर नाही म्हणून. उलट बाजूला बघा — हेवा, मत्सर, असूया, जळफळाट, पोटदुखी, डोळ्यांत खुपणं, नाकाला मिरच्या झोंबणं — भांडारच्या भांडार! जिथं गिऱ्हाईक तिथं माल. मी जन्मभर भाषा शिकवली, शब्दांवर दोन जाड ग्रंथ लिहिले — कुणी वाचले नाहीत, वाचायला हवे होते की नाही हेही आता मला सांगता येत नाही — पण एवढं नक्की सांगतो, म्हणजे बहुधा नक्की, की या शब्दाचा जिवंत उपयोग मी माणसाच्या तोंडून कधी ऐकला नाही.

फळ्याचं तुम्हाला सांगितलंय तिनं? नाही? बोलता काय मग तुम्ही दोघं? — या घरात रोज सकाळी त्या फळ्यावर एक शब्द लिहिला जातो. मी लिहितो. रात्री जेवताना प्रत्येकानं त्याचा अर्थ सांगायचा आणि वाक्यात उपयोग करायचा. शाळेत असतं तसंच, पण शाळेत 'राम आंबा खातो' चालतं, इथं चालत नाही. इथं वाक्य खरं लागतं. स्वतःच्या आयुष्यातलं, घडलेलं. आणि ज्याला वाक्य येणार नाही त्यानं ताट आहे तसं ठेवून उठायचं. बस्स. मारझोड नाही, आरडाओरडा नाही. मी कधी कुणावर हात उचललेला नाही, हे तुम्ही तिला विचारू शकता. मुलगा फार वेळा उठायचा. एवढासा जीव, अर्धा घास तोंडात, तसाच उठायचा. त्याची आई नंतर चोरून त्याला भरवायची — मला माहीत होतं, मी कानाडोळा करायचो — ही बघा, ही खरी उपेक्षा! मुलगी मात्र हुशार. घास गिळायच्या आत वाक्य तयार. एकदा शब्द होता 'सहनशीलता', ही म्हणाली, 'बाबा बोलत असतात तेव्हा आईची सहनशीलता भाताबरोबर थंड होते.' सात वर्षांची होती! मी हसलो. तिची आई नाही हसली. पूर्ण गुण द्यावे लागले, वाक्य खरं होतं.

तुमचंही वाक्य आलेलं आहे त्या टेबलावर, ऐका गंमत. तिच्या नकाशांच्या कचेरीतली लिफ्ट अडकली तो दिवस. शब्द होता 'आतुरता'. ही म्हणाली, 'आज मी लिफ्टमध्ये अडकले होते, पण बाहेर पडायची मला आतुरता नव्हती.' मी म्हटलं, नकारार्थी आहे, पण चालेल. मला वाटलं, कचेरीत काम फार असेल म्हणून. दाराच्या फटीतून लिफ्ट दुरुस्त करायला आलेला कुणी तिच्याशी गप्पा मारतोय हे मला कसं कळणार? मी अर्थ तपासत होतो, आणि ती मला बातमी सांगत होती.

आता आजचं बघा. हे अक्षर माझं नाही. माझा 'म' असा लोळत नाही. आज सकाळी मी खडू घ्यायला गेलो तर फळा भरलेला. इतक्या वर्षांत पहिल्यांदा तिनं शब्द लिहिला. मी विचारलं, हे काय? म्हणाली, 'आज तुम्ही वाक्य करा, बाबा.' मी म्हटलं, त्यात काय आहे, रात्री करतो. मग दुपारपासून — दुपारपासून बसलोय. तुम्ही येणार हे तिनं मला सांगितलं नव्हतं. म्हणजे सापळाच की. नाही? मुलीनं बापाला लावलेला. तुम्ही मान काय हलवताय, तुम्हाला त्यातलं काय कळतं?

बरं, करून बघू. उदाहरणार्थ — 'माझ्या बायकोला शब्दकोड्याचं बक्षीस मिळालं तेव्हा मला मुदिता वाटली.' कसं आहे? व्याकरण चोख. पण झालं काय होतं? वर्तमानपत्रातलं मोठं कोडं होतं, मीही सोडवलं होतं. माझा एक शब्द चुकला. तिचे सगळे बरोबर. नाव छापून आलं, छत्री आली बक्षीस म्हणून, निळी. ती छत्री उघडून या खोलीत उभी राहिली — घरात! — आणि मी म्हटलं, 'अगं, हजारोंनी बरोबर पाठवलं असेल, त्यातून चिठ्ठी काढतात. नशीब आहे ते, त्याला बुद्धी लागत नाही.' चूक होतं का? चिठ्ठीच काढतात. तिनं छत्री मिटली. पुन्हा कोडं सोडवलं नाही तिनं कधी. मी पेन्सिल पुढं करायचो, 'तूच सोडव' म्हणायची. तेव्हा ते वाक्य बाद. खोटं आहे.

दुसरं. 'मुलगा पोहण्यात पहिला आला तेव्हा—' नको. मी म्हटलं होतं, पोहण्यात काय मोठंसं, बेडूकही पोहतो. कप घेऊन उभा होता, केस ओले. विनोद होता तो! सगळे हसले. म्हणजे मी. — आता तो लांब असतो, बहिणीलाच फोन करतो. मी उचलला की म्हणतो, 'ती आहे का?' आवाज ओळखत नाही असं नाही. ओळखतो म्हणून तर इतकं थोडं बोलतो.

आता तिसरं, तुमच्यावरून. महिन्यापूर्वी तुम्ही दोघं बसथांब्यावर उभे होता, समोर चपलांचं दुकान आहे तिथं. मी औषधं घेऊन येत होतो. तुमच्या हातात कसलं तरी लोखंडी अवजार होतं आणि तुम्ही तिला ते कसं फिरवायचं दाखवत होता, आणि तिच्या हातून ते पडलं आणि ती हसली. तोंड उघडून, डोकं मागं टाकून. बेचाळीस वर्षांची बाई रस्त्यात! मी दुकानाच्या आडोशाला उभा राहिलो. मला आधी वाटलं, ही दुसरीच कुणीतरी आहे, हिच्यासारखी दिसणारी. कारण मी तिला हसताना — नाही, म्हणजे ती हसते घरीही, पण तोंड मिटून. तर तेव्हा मला व्हायला हवी होती ती. मुदिता. दुसऱ्याचं सुख, आपला वाटा नाही, अगदी व्याख्येतल्यासारखं समोर उभं! आणि मला काय झालं सांगू? इथं, बरगडीखाली, कळ आली. मी डॉक्टरकडे गेलो. तो म्हणाला, काही नाही, वारा धरलाय. फी घेऊन वारा! मी त्याला विचारणार होतो, की अहो, माणसाला मुलीचं हसू बाधू शकतं का — पण तरुण आहे तो, कळलं नसतं.

तुम्हाला राग येतोय. कप किती जपून ठेवलात बशीत! आदळायचा होता खरं म्हणजे. तुम्ही बरे आहात, मी नाही म्हणत नाही. हात स्वच्छ आहेत, नखांत काळं आहे पण ते कामाचं. मागचा होता त्याचे हात तुमच्याहून मऊ होते. मागचा म्हणजे ग्रंथपाल हो, तिच्या तिशीतला. नाही सांगितलं तिनं? सांगण्यासारखं नव्हतंच काही. याच खुर्चीवर बसला होता. माझं एक पुस्तक त्यानं वाचलं होतं — निम्मं. मी त्याला काहीही वाईट बोललो नाही. एवढंच म्हटलं, की हिच्या आईचे हात कापायचे, मग जीभ जड झाली, मग ती गेली, तेव्हा हा आजार घराण्यातला असू शकतो, आणि तुम्हाला अंधारात ठेवणं मला बरं वाटत नाही. 'असू शकतो' म्हटलं. 'आहे' म्हटलं नाही. शब्दांच्या बाबतीत मी काटेकोर आहे. डॉक्टर म्हणाले होते तसं काही नसतं, पण डॉक्टरांचं काय, वारा धरलाय म्हणतात. गेला बिचारा. जिना उतरताना कठडा धरून उतरला. त्या आठवड्यात फळ्यावर 'प्रतीक्षा' होता — मुद्दाम नाही हो, ओघानं आला. बहुधा ओघानंच. ती म्हणाली, 'मला कुणाची प्रतीक्षा नाही.' मी विचारलं, खरं आहे का हे वाक्य? तिनं माझ्याकडे बघितलं आणि ताट ठेवून उठली. एकदाच. जन्मात एकदाच उठली ती त्या टेबलावरून. तो का आला नाही ते तिला अजून कळलेलं नाही, आणि तुम्हीही —

नळ बंद झाला का?

कधी? — तुम्ही ऐकत होता ना? कधी बंद झाला? अहो, सांगा की, छत्रीच्या वेळी होता ना चालू? — ये. ये गं. मी यांना उदाहरणं देत होतो. शब्दाची. — ही बॅग कसली? एवढीशी? म्हणजे आधीच भरलेली होती. म्हणजे विचारायला आलाच नव्हता तुम्ही. सांगायला आला होता. अशी बघू नकोस माझ्याकडे. मी 'असू शकतो' म्हटलं होतं. तुझ्याच भल्यासाठी — बरं, भल्यासाठी नाही. ते वाक्य टिकत नाही, मागे घेतो. मग जेवायला कोण बसलं असतं माझ्यासमोर? हे खरं आहे. याला किती गुण देशील? — काहीच नाही? — हात दाखव. दाखव ना. नाही, कापत नाहीत.

फळ्याकडे काय बोट दाखवतेस? रात्र झालेली नाही अजून. नियम जेवणाचा आहे, चहाचा नाही! — जा. जायचं तर जा. तुला पंधरा दिवस नाही जमायचं तिथं, बाई, यांना वाक्यं नाही लागत, यांना चपात्या लागतील, आणि तुला वाक्यांशिवाय काही येत नाही. मग ये परत, खुर्ची असेल. पाय हलणारी.

गेली? एकटीच उतरली पुढं? — तुम्ही काय करताय अजून? बूट. बांधा, बांधा. नाड्यांना गाठ फार घट्ट मारता तुम्ही, सोडताना वैताग येईल तिला. — थांबा. ते काय होतं? खाली, जिन्यात. ती हसली का? नाही, रडणं नव्हे ते, मला रडणं ओळखता येतं, या घरात ते मी पुष्कळ — हसली ती. एकटीच, जिन्यात. ऐकलंत ना? तुम्ही साक्षीदार आहात. थांबा, जाऊ नका, वाक्य ऐकून जा, तिला खाली सांगा. 'माझी मुलगी जिन्यात हसली, आणि ते ऐकून मला—' मला —

'ते ऐकून मला—'

जा तुम्ही. दार ओढून घ्या. आणि कप उचलू नका, तुमचा न्या हवा तर आत, माझा राहू दे. हो, अर्धा आहे. दिसतंय मला. तसाच राहू दे.