दोघी झोपल्याशिवाय

(दोघी दोन वेगळ्या गावांत, आपापल्या घरी. दोघींच्या कानात हेडफोन, हातात कंट्रोलर आणि समोरच्या पडद्यावर एकच शेत. रविवारची दुपार.)

मुकादम : थांब, थांब. ठमीचं दूध काढायचं राहिलंय.

गोगलगाय : सकाळीच काढलंत. कितीही पाठी लागलात तरी त्या शेळीला आता दूध यायचं नाही.

मुकादम : मग विचारपूस तरी करते. मुकं जनावर आहे म्हणून काय झालं?

गोगलगाय : तीही झाली. डोक्यावर लाल बदाम आला होता तिच्या, मी बघितला.

मुकादम : तुझं मेलीचं सगळीकडे लक्ष. काचघरात पाणी?

गोगलगाय : फवारे आपोआप देतात. आपणच बसवलेत.

मुकादम : आणि भोपळे?

गोगलगाय : हिवाळ्यात भोपळे? अहो, बाहेर बर्फ पडतोय. चला, झोपा आता. मी अंथरुणात पडून केव्हाची वाट बघतेय. पडद्यावर येतंय, 'दुसरा शेतकरी झोपण्याची वाट पाहत आहोत.'

मुकादम : बघू दे की वाट. त्याला दुसरं काय काम आहे?

गोगलगाय : तुम्ही झोपल्याशिवाय दिवस उलटायचा नाही.

मुकादम : मला शिकवतेस होय? पहिल्या वर्षी तू नदीवर गळ टाकून बसायचीस आणि मी अंथरुणात ताटकळायचे. तेव्हा काही बोलले का मी?

गोगलगाय : बोललात. गोगलगाय हे नाव तेव्हाच पडलं माझं.

मुकादम : ते बरोबरच होतं. पाठीवर मणभर दगड घेऊन चालायचीस.

गोगलगाय : आणि तुम्ही नुसतं सोफ्यावर बसून हुकूम सोडायचात. 'अगं तिकडं पाणी राहिलं, अगं ते गाजर उपट.' हात प्लास्टरमध्ये आणि तोंड शेतावर.

मुकादम : म्हणून तर मुकादम झाले. माझं नाव त्यानं ठेवलं, तुझं मी ठेवलं, आणि तो स्वतः झाला साहेब.

गोगलगाय : हं. खेळ त्यानंच आणला होता. तुमचं मन रमावं म्हणून.

मुकादम : आणला, झाडं लावली, आणि फळं यायच्या आत स्वतः उठून गेला. त्याचं सगळं तसंच. कंट्रोलर माझ्या हातात आला तो त्यानं खाली ठेवला म्हणून.

गोगलगाय : तो वाईट नव्हता हो.

मुकादम : वाईट कोण म्हणतंय? घरात नव्हता एवढंच. माझ्या पोटचा आहे, मला नको सांगूस.

गोगलगाय : जाऊ दे ते. चला ना. उद्या सकाळी मनोऱ्यावरची घंटा वाजणार. पूल बांधला, गिरणी उभी केली, गावातल्या त्या खडूस लोहाराचीसुद्धा मैत्री मिळवली. संग्रहालयात एकच कप्पा रिकामा राहिला होता, चांदणमाशाचा. तो आज भरला. आता या खेळात करायचं म्हणून काही उरलं नाही.

मुकादम : हो गं, ते विचारायचंच राहिलं. कुठं गावला तुला तो? मी गळ टाकून टाकून दमले. नदीत नाहीच म्हणून नाद सोडला होता.

गोगलगाय : नदीत नाही गावला.

मुकादम : मग काय तळ्यात?

गोगलगाय : तुमच्या पेटीत. लोकरीच्या खाली.

मुकादम : माझ्या पेटीत?

गोगलगाय : एक नव्हता. ढीग होता.

मुकादम : अगं बाई! तो चांदणमासा होय? मला वाटलं असेल कुठलीतरी मासोळी.

गोगलगाय : मासा धरला की पडद्यावर मोठ्या अक्षरात नाव येतं त्याचं. वर तुतारी वाजते.

मुकादम : माझ्या डोळ्याचं ऑपरेशन झालंय, तुला माहीत आहे ना?

गोगलगाय : आहे. ते झाल्यापासून तुम्ही चष्म्याशिवाय सुईत दोरा ओवता, हेही माहीत आहे. अख्ख्या गल्लीला सांगून झालंय तुमचं.

मुकादम : बरं बाई, सापडला चोर. आता काय चौकात उभी करणार आहेस मला?

गोगलगाय : नाही. नुसतं विचारतेय. का लपवलेत?

मुकादम : माझं शिवणाचं दुकान होतं तेव्हा तू नव्हतीस.

गोगलगाय : मशीन बघितलंय मी. त्याचं काय?

मुकादम : सगळं शिवून व्हायचं. पण शेवटचं काज मी कधी आधी करून ठेवत नसे. बाई कपडे न्यायला आली की म्हणायचे, 'बसा हो, एक काज राहिलंय, हा हा म्हणता होईल.' ती टेकायची. मी सावकाश करायचे. तेवढ्यात घरचं, दारचं, सासरचं, माहेरचं सगळं निघायचं. काज झालं की बाई पिशवी उचलून निघाली. तयार कपडे घेऊन कोण बसतंय गप्पा मारत?

गोगलगाय : लबाड होता की हो तुम्ही.

मुकादम : लबाड कसली! ह्यांच्या पाठीमागे पोराला वाढवलं, दिवसभर मशीनशी बोलायचं का मी?

गोगलगाय : आणि मग इथं गिऱ्हाईक कोण?

मुकादम : तू. दुसरं कोण येतं माझ्याकडे? पोरगा फोन करतो. नाही म्हणत नाही मी. 'आई, गोळी घेतलीस का? बरं, ठेवतो.' बोलायला सुरुवात करायच्या आत ठेवतो. आणि तू विचारतेस, 'कोंबड्या आत घेतल्या का? आज लोणचं कशाचं घालताय?' आता तूच सांग, जास्त चौकशी कुणी केली?

गोगलगाय : त्याला माहीत आहे? आपण अजून खेळतो ते?

मुकादम : त्याला वाटतं, मी दुपारची झोपते.

गोगलगाय : हसू नका. माझ्या माहेरीही कुणाला माहीत नाही. काय सांगणार? कागदावर सह्या झाल्या, भांडीकुंडी वाटून झाली, आणि मी रविवारी त्याच्या आईबरोबर गाजरं लावते?

मुकादम : भांडीकुंडी वाटली, शेत कुठं वाटलं?

गोगलगाय : ते वकिलाला दिसलं नाही.

मुकादम : बघ. म्हणून मला ते संपायला नको होतं. सून होतीस तेव्हा तुला यायला कारण लागत नव्हतं. भांडून का होईना, समोर असायचीस. आता कारण लागतं. हा मासा नाही, ती गिरणी अर्धी आहे, तो पूल राहिलाय. सगळं झाल्यावर मी काय सांगून बोलावू तुला? तू हाक म्हणून मारत नाहीस मला.

गोगलगाय : मारते की.

मुकादम : काय मारतेस? 'अहो'. नाहीतर मुकादम. वेगळी झालीस त्या दिवसापासून तिसरा शब्द ऐकला नाही मी.

गोगलगाय : काय म्हणू? कुठल्या हक्कानं म्हणू?

मुकादम : हक्काचं मला विचारू नकोस. मी कुठल्या कागदावर सही केली नव्हती, जोडतानाही नाही आणि तोडतानाही नाही.

गोगलगाय : मला एक सांगायचंय.

मुकादम : सांग.

गोगलगाय : ते मासे मला आज नाही दिसले. मागच्या हिवाळ्यातच दिसले होते, खेळातल्या. मला टोपीसाठी लोकर हवी होती, म्हणून पेटी उघडली.

मुकादम : आणि गप्प बसलीस?

गोगलगाय : पुन्हा लोकर वर घातली आणि पेटी लावून टाकली. दुसऱ्या दिवशी तुम्ही म्हणालात, 'आजही गावला नाही गं,' आणि मी म्हटलं, 'उद्या बघू.'

मुकादम : अगं सटवे! आणि मी इकडं खोटं बोलून बोलून जीव टांगणीला लावून बसलेले.

गोगलगाय : फार छान बोलता खोटं. 'आज एक मोठा लागला होता, पण दोरी तुटली' म्हणालात, तेव्हा मी तोंडात रुमाल कोंबला होता.

मुकादम : मग आजच का? आजच का नेऊन दिलास तो?

गोगलगाय : झोपा ना आता तुम्ही.

मुकादम : बोल की. टाळतेस म्हणजे पुढं काहीतरी आहे.

गोगलगाय : आमच्या इस्पितळात एक जण आहे. मी रक्त तपासते, तो खालच्या मजल्यावर एक्स-रे काढतो.

मुकादम : म्हणजे तुला आतून-बाहेरून बघून घेतलंय म्हणायचं.

गोगलगाय : काहीही काय!

मुकादम : स्वभाव?

गोगलगाय : घरात असतो.

मुकादम : …बास. मग झालं तर. केव्हा करताय?

गोगलगाय : पुढच्या महिन्यात. साधंच. आठवडाभर सांगू सांगू म्हणत होते. मग वाटलं, हे आधी पुरं करावं आणि मग सांगावं. अर्धवट टाकून गेले असं व्हायला नको होतं. एकदा कुणीतरी तसं गेलंय या शेतातून.

मुकादम : पुरं करून गेलेलं काय नि अर्धं टाकून गेलेलं काय. मागं राहणाऱ्याला सारखंच असतं गं.

गोगलगाय : रडताय का?

मुकादम : नाही. नाक चोंदलंय. बर्फ पडतोय ना तुझ्या शेतात. मला आनंद आहे. खरंच. तुझं चांगलं व्हावं असं मला केव्हापासून वाटतं. नुसतं ते माझ्या घरात व्हावं असं वाटत होतं, ते काही झालं नाही. आता एक विचारू?

गोगलगाय : विचारा.

मुकादम : त्याला आई आहे?

गोगलगाय : आहे.

मुकादम : कशी आहे?

गोगलगाय : चांगल्या आहेत. कमी बोलतात.

मुकादम : मग तुला करमायचं नाही. आणि हाक काय मारतेस?

गोगलगाय : काकू.

मुकादम : लग्नानंतर बदलावं लागेल. त्यांना बरं वाटेल. म्हण हो तू, माझा विचार करू नकोस. चल, जाते मी घरात. बूट काढते. हा दिवा… राहू दे, दिवा राहू दे. पोराच्या झोपडीकडे बघितलंस? दारापर्यंत बर्फ चढलाय.

गोगलगाय : मी झाडायचे मधून मधून.

मुकादम : मीसुद्धा. तरीच तुझ्या पाळीला कमी निघायचा. बरं, ही पडले. दाब गं तुझं बटण.

गोगलगाय : माझं केव्हाच दाबलंय. तुमचंच राहिलंय.

मुकादम : दाबते. …दाबलं.

गोगलगाय : उजाडतंय बघा.

मुकादम : अगं, ऐकलीस का घंटा? केवढा आवाज तो! माझ्या भिंतीला हादरा बसला.

गोगलगाय : हेडफोन कानात आहे तुमच्या. भिंतीला काय बसतोय?

मुकादम : सगळं गाव जमलंय बघ. तो लोहार टाळ्या वाजवतोय, मेला. आपल्याकडून मध खाल्ला तेव्हा हसला नाही कधी.

गोगलगाय : नावं येतायत. बघा, बघा, वर सरकतायत.

मुकादम : मुकादम. गोगलगाय. …साहेब. त्याचंही आलं गं.

गोगलगाय : झाडं त्यानं लावली होती. यायलाच हवं.

मुकादम : तिघांची एकाखाली एक. फोटो काढून ठेवायला हवा होता. गेलं बघ. संपलं?

गोगलगाय : संपलं. आता शेतात सोडलंय परत. सकाळ झालीय.

मुकादम : मग आता काय करायचं असतं?

गोगलगाय : आता खेळ काही मागत नाही. शेत आहे तसं राहतं.

मुकादम : हं. छान केलं आपण. उत्तम केलं. तिकडं संसारातही असंच नीट कर, आणि घाई करू नकोस, तुझी चाल तुला बरी आहे. मी… मी ठेवते मग. तुझीही कामं असतील.

गोगलगाय : आई.

मुकादम : काय म्हणालीस?

गोगलगाय : ठमी ओरडतेय तुमची. सकाळचं दूध कोण काढणार?

मुकादम : आले, आले. तू तोवर कोंबड्या सोड.