ओढ्यापलीकडचा गुरुवार

हॅटी : कुठला कोट घालणार ते सांग, म्हणजे तेवढाच झटकून ठेवते.

लायमन : आज गुरुवार आहे, हॅटी. मला गोठ्यातलं शेण ओढायचंय.

हॅटी : शेण कुठं पळून जात नाही.

लायमन : थँक्सगिव्हिंगचा सण पुढच्या गुरुवारी. नोव्हेंबरचा शेवटचा गुरुवार, तीस तारीख. भिंतीवर कॅलेंडर आहे, बघ.

हॅटी : ओढ्यापलीकडे आजच आहे.

लायमन : ओढ्यापलीकडे न्यूयॉर्क राज्य आहे. तिथं काहीही असू शकतं.

हॅटी : रूझवेल्टनी सण एक आठवडा अलीकडे आणलाय. ऑगस्टपासून पेपरात दुसरं काही नाही.

लायमन : त्यांनी आणला. आपल्या व्हरमाँटच्या गव्हर्नरनं नाही आणला. अगं, लिंकनपासून चालत आलेला दिवस तो! देशात भाऊ भावाला गोळ्या घालत होता, तेव्हा लिंकननं ठरवला. आणि हा माणूस काय म्हणतो? नाताळच्या विक्रीला दुकानदारांना दिवस कमी पडतात. उद्या नाताळ जुलैत नेईल, बर्फात गिऱ्हाईक घसरतं म्हणून.

हॅटी : जेफरसननी तर हा सण कधी जाहीरच केला नव्हता. देश टिकला.

लायमन : जेफरसन काय, डेमोक्रॅटांचाच पूर्वज.

हॅटी : बरं. मी ऑरिनला निरोप धाडलाय.

लायमन : कुणाला?

हॅटी : ऑरिनला. तुझ्या धाकट्या भावाला. आपण दोघं आज जेवायला येतोय म्हणून.

लायमन : तीन वर्षांत या घरात ते नाव कुणी घेतलं नव्हतं.

हॅटी : मी घेते. गोठ्यात. गायींना सवय झालीय.

लायमन : निरोप परत घे.

हॅटी : त्यानं गायी विकल्या, लायमन.

लायमन : कुणी सांगितलं?

हॅटी : दुधाच्या गाडीवाल्यानं. त्याच्या फाटकापाशी आता गाडी थांबतच नाही. रविवारी त्याची लेक व्हायोला ट्रक घेऊन येणार आणि बापाला तिकडे बफलो शहरात घेऊन जाणार. कायमचं.

लायमन : सगळ्या विकल्या?

हॅटी : सगळ्या.

लायमन : ती पांढऱ्या कपाळाचीसुद्धा? ती आपल्या जुन्या गायीची नात आहे.

हॅटी : तीसुद्धा.

लायमन : मला विचारायला नको?

हॅटी : कसं विचारणार? तू बोलत नाहीस त्याच्याशी.

लायमन : तो बोलत नाही माझ्याशी. माझ्या टेबलावर, मी टर्की कापायला सुरी हातात घेतलेली, आणि हा प्रार्थना म्हणताना देवाकडे त्या रूझवेल्टसाठी दीर्घायुष्य मागतो! निवडणूक होऊन महिनासुद्धा झाला नव्हता. अख्ख्या देशात त्याला मत न देणारी दोनच राज्यं शुद्धीवर राहिली होती, मेन आणि आपण.

हॅटी : आणि तू सुरी खाली ठेवून म्हणालास, या घरात देवाला असली कामं सांगायची नाहीत.

लायमन : चूक म्हणालो?

हॅटी : बरोबर म्हणालास. मग माझ्या जावेनं, अ‍ॅडीनं, हॅट घातली, ऑरिननं कोट घातला, आणि दोघं उपाशी ओढा ओलांडून गेली. अ‍ॅडी परत कधी आली नाही. आता येणारही नाही.

लायमन : तिच्या मातीला गेलो होतो मी.

हॅटी : चर्चसमोरच्या रस्त्याच्या पलीकडे उभा होतास.

लायमन : टोपी काढून उभा होतो.

हॅटी : ते तुला आणि मला माहीत.

लायमन : हे बघ, मी थोरला आहे. सणाचं टेबल थोरल्याच्या घरी. आई गेल्यापासून तसंच चालत आलंय. सणाच्या दिवशी मी माझं टेबल सोडून त्याच्या दारात गेलो, तर त्याचा अर्थ काय होतो?

हॅटी : पण आज तुझा सण नाहीच.

लायमन : म्हणजे?

हॅटी : आत्ताच म्हणालास. आज व्हरमाँटात साधा गुरुवार आहे. साध्या गुरुवारी माणूस भावाकडे दोन घास खायला गेला, तर त्यात कुणाची मान खाली जाते? आणि पुढच्या गुरुवारी आपल्याकडे सण असेल, तेव्हा त्याच्याकडे साधा गुरुवार. तोही येऊ शकतो. कुणालाच झुकायला नको.

लायमन : हे तुला कुणी सुचवलं?

हॅटी : रूझवेल्टनी.

लायमन : हं.

हॅटी : काळा कोट काढू?

लायमन : काळा सणाचा आहे. तपकिरी काढ.

(ओढ्यापलीकडे, ऑरिनच्या दारात. दुपार.)

ऑरिन : आलात.

हॅटी : आलो.

लायमन : मी जेवायला आलोय. सणाला नाही.

ऑरिन : आत या. सणही आतच आहे, जेवणही आतच आहे. तुला हवं ते घे. वहिनी, द्या ती बरणी इकडे.

हॅटी : क्रॅनबेरीचा मुरंबा आहे.

लायमन : सणाचा मुरंबा कशाला आणलास?

हॅटी : मुरंब्याला तारीख नसते.

ऑरिन : टर्की नाहीये. कोंबडा आहे. एकट्या माणसानं टर्की शिजवली तर ती ईस्टरपर्यंत पुरते. आणि वहिनी, तुमचा निरोप पोचला काल संध्याकाळी.

हॅटी : आधी पाठवला असता तर याला विचार करायला वेळ मिळाला असता.

ऑरिन : बस, लायमन. तिथं नको, ती खुर्ची डुगडुगते. प्रार्थना तू म्हण. थोरला आहेस.

लायमन : घर तुझं आहे.

ऑरिन : मग मी म्हणतो. देवा, या अन्नाबद्दल तुझे आभार. डोक्यावरच्या छपराबद्दल आभार. आलेल्या माणसांबद्दल आभार. अ‍ॅडीला सांभाळ. आमेन.

हॅटी : आमेन.

लायमन : एवढीच?

ऑरिन : एवढीच.

लायमन : मागच्या वेळी लांब होती.

ऑरिन : मागच्या वेळी जेवण मिळालं नव्हतं.

लायमन : त्याचं नाव घेतलं नाहीस.

ऑरिन : कुणाचं?

लायमन : तुला माहितीय कुणाचं. तुझं घर आहे. घ्यायचं असेल तर घे. मी उठणार नाही.

ऑरिन : यंदा नाही घेणार. आपल्याला तो तारखेचा उद्योग पटलेला नाही. मी मत दिलं ते लोकांच्या हाताला काम मिळावं म्हणून, कॅलेंडर हलवायला नाही. अ‍ॅडी असती तर तिनं वॉशिंग्टनला पत्र टाकलं असतं.

लायमन : हे मला कळवायचं होतंस.

ऑरिन : तू ऐकलं असतंस?

लायमन : नाही.

ऑरिन : तेच.

लायमन : आमच्या व्हरमाँटचा कूलिज अध्यक्ष होता, त्यानं कधी कॅलेंडरला हात लावला नाही.

ऑरिन : कूलिजनं कशालाच हात लावला नाही.

हॅटी : बटाटे घ्या. दोघंही. आत्ता.

लायमन : कोंबडा चांगला झालाय.

ऑरिन : जरा करपलाय.

लायमन : हो, करपलाय. पण चांगला झालाय.

ऑरिन : अजून घे.

लायमन : अ‍ॅडीच्या मातीच्या दिवशी मी रस्त्यापर्यंत आलो होतो.

ऑरिन : बघितलं मी. शवपेटी खांद्यावर होती, हात करता आला नाही. तुझं डोकं भिजत होतं.

लायमन : आत यायला हवं होतं मी.

ऑरिन : हो. यायला हवं होतंस.

हॅटी : मी चहा टाकते. ऑरिन, तू बस. मला माहितीय अ‍ॅडी किटली कुठं ठेवायची.

लायमन : गायी कुणाला दिल्यास?

ऑरिन : एका दलालाला. अ‍ॅडी होती तोवर ती चरव्या धुवायची, मी धारा काढायचो. एकट्याचं काम नाही ते. आणि व्हायोला रोज टपाल धाडते, बाबा या, बाबा या.

लायमन : बाबांनी वाटणी केली तेव्हा अर्धी वासरं मी तिकडे नेली, अर्धी तू इकडे.

ऑरिन : आणि निम्मी रोज ओढा ओलांडून परत यायची. बाबांनी हद्द घालताना ओढा बघितला, राज्य नाही बघितलं.

लायमन : बफलोला कसं आहे?

ऑरिन : तिसऱ्या मजल्यावर घर आहे. व्हायोला म्हणते, खिडकीतून समोरच्यांची खिडकी दिसते.

लायमन : मग पहाटे उठून करणार काय तू?

ऑरिन : तोच विचार चाललाय. गायी गेल्या तरी चारला जाग येतेच. उठतो, गोठ्यात जाऊन उभा राहतो. थोडा वेळ उभा राहिलं की परत येतो.

लायमन : माझा उजवा खांदा धरलाय.

हॅटी : कधीपासून?

लायमन : उन्हाळ्यापासून.

हॅटी : मला बोलला नाहीस!

लायमन : विषय निघाला नाही. ऑरिन, अठरा गायी आहेत माझ्याकडे. आताशा एकट्याला होत नाही. शेवटच्या चार-पाच वाट बघून हंबरायला लागतात.

ऑरिन : माणूस ठेव.

लायमन : माणसं शिकवावी लागतात. ज्याला येतं असा कुणी असेल, तर बरं.

ऑरिन : व्हायोला रविवारी ट्रक घेऊन येतेय.

लायमन : मग येऊ दे. पोरीला जेवायला घाल, आणि ट्रक जाऊ दे परत. पुढच्या गुरुवारी आमच्याकडे टर्की आहे. तुमच्याकडे काही नसेल त्या दिवशी.

ऑरिन : नाही. साधा गुरुवार आहे.

लायमन : तर ये.

ऑरिन : आणि त्याच्यानंतर?

लायमन : त्याच्यानंतर हिवाळा आहे. हिवाळ्यात या रस्त्यानं ट्रक येतात कुठं?

हॅटी : चहा घ्या. ऑरिन, तुझ्यात साखर घातलीय. अ‍ॅडी घालू द्यायची नाही, माहितीय मला. आज घे.

ऑरिन : लायमन.

लायमन : काय?

ऑरिन : उद्या पहाटे येऊ का मी? चारला?

लायमन : ये. कंदील आण. ओढ्यावरची फळी एका बाजूनं कुजलीय.