भिंतीपलीकडच्या थापा

अमेरिकेतल्या यादवी युद्धात आमच्या व्हिक्सबर्ग शहराला वेढा पडल्यापासून आम्ही टेकडीत खणलेल्या गुहांत राहत होतो. पाण्याच्या रांगेत, कडेवरच्या बाळाला थोपटत, मी पुढच्या दोघींचं बोलणं ऐकत होते.

“ड्रुसिला, आज पहाटे तोफा थांबल्यावर तू आपल्या गुहांमधल्या भिंतीवर थापा दिल्यास आणि जिवात जीव आला बघ.”

“कसल्या थापा गं, अबिगेल?”

“जिवंत आहोत हे कळवायला शेजारणी देतात त्याच! मी दोन दिल्या, पलीकडून दोन आल्या.”

“आमची गुहा तर काल ढासळली. आम्ही चर्चच्या तळघरात आहोत.”

“चेष्टा पुरे हं.”

“मामंजी आतच गेले गं. हाका मारून मारून घसा बसला, पण ओ आली नाही.”

“बहिऱ्या माणसाला हाका मारत बसलात? त्यांना भिंतीचा हादराच कळणार!”

“…तू निघालीस तेव्हा पलीकडून थापा येत होत्या?”

“थापा चालूच होत्या.”

“फावडं! अहो, कुणाकडे फावडं आहे का?”