‘उमज’ ग्राम्य कुणी ठरवली?

आदरणीय अध्यक्ष रंगनाथराव दरंदले, पुण्याहून आवर्जून आलेले परिभाषा समितीचे कार्यवाह माननीय राधाकृष्णपंत, प्राचार्य महोदय, आज निवृत्त होणारे आमचे तत्त्वज्ञानाचे प्राध्यापक नृसिंह गंधे सर, सरोजिनीवहिनी, आणि सोनई-नेवाशाकडून उन्हातान्हात आलेले माजी विद्यार्थी,

सरांना शाल दिली, नारळ दिला, मानपत्रही वाचलं. मानपत्रात त्यांना ‘ज्ञानमहर्षी’ म्हटलंय. फार छान! पण या महर्षींचा ग्रंथ कुठे आहे, असं कुणी विचारलं का? तो त्यांच्या घरी पत्र्याच्या ट्रंकेत पडलाय. सहाशे चाळीस पानं, हाताने लिहिलेली. सतराव्या शतकातल्या युरोपीय बुद्धिवाद्यांनी माणसाच्या आकलनाबद्दल काय विचार केला, तो मराठीत आणायला या माणसाने बावीस वर्षं घातली.

कानावर आलेलं ज्ञान वेगळं आणि मनाला स्वतः लख्ख दिसलेलं वेगळं, असं त्या विचारवंतांपैकी एकाचं म्हणणं. या दुसऱ्यासाठी सरांनी ‘अवबोध’ लिहिलं होतं, पण मनासारखा शब्द मिळेना. तो दिला आपल्या कॉलेजात पाणी भरणाऱ्या भागूबाईंनी. त्या बघा, दाराशी उभ्या आहेत. बाई, आज तरी खुर्चीवर बसा! नवऱ्याचं तेरावं करून त्या कामावर आल्या, सरांनी विचारपूस केली, तेव्हा म्हणाल्या, “मालक गेलं ते दवाखान्यात कळलं हुतं, सर. सांजच्याला त्येंच्या वाटणीची भाकर उरली, तवा उमजलं.” सर तसेच स्टाफरूममध्ये आले आणि पहिल्या पानापासून ‘अवबोध’ खोडून ‘उमज’ लिहायला बसले.

एकाहत्तर साली समितीने ग्रंथ परत पाठवला. का? तर ‘उमज’ हा शब्द ग्राम्य आहे, पुन्हा ‘अवबोध’ करा, मग छापू! सरांनी नकार कळवला. अहो, मराठी माणूस जो शब्द जगतो तो पुस्तकात चालत नसेल, तर ही परिभाषा घडवता कुणासाठी? राधाकृष्णपंत, घड्याळ पाहू नका, फार वेळ घेणार नाही.

आत्तापर्यंत आपण टाळ्या वाजवल्यात. आता वाजवू नका. समितीने या शब्दावर मराठीच्या एका प्राध्यापकाचा गोपनीय अभिप्राय मागवला होता. तो प्राध्यापक मी. ‘ग्राम्य’ हा शेरा माझा. माझी आई बनुबाई जन्मभर ‘उमजलं का रं’ म्हणत आली, आणि मी पुण्याचे विद्वान हसतील म्हणून भ्यालो. दोन वर्षं सरांच्या शेजारी बसून चहा प्यालो, पण चकार शब्द काढला नाही. मला माझीच चीड येते.

तो अभिप्राय मागे घेतल्याचं पत्र मी सही करून आणलंय. पंत, हे सर्वांसमक्ष घ्या, आणि पोचही इथेच द्या.

अध्यक्षमहाराज, बोलू दिलंत, आभारी आहे. बोलण्यात अधिकउणं झालं असेल तर सभेने ते पोटात घालावं. सर, तुम्ही मात्र मला इतक्यात माफ करू नका. आधी ग्रंथ छापून येऊ द्या.