बाबांवरचा पिक्चर

तपासणीच्या खोलीबाहेर एकही खुर्ची मोकळी नव्हती, म्हणून मनगट दुखावलेली शिवणकामवाली भिंतीला टेकून उभी होती. पुढ्यात बसलेल्या बापलेकीचं बोलणं तिच्या कानांवर पडत होतं.

“माझ्यावर पिक्चर काढलास म्हणतेस, मग त्यात मी कुठे आहे?”

“आहात की. आधी हात, मग पाठ.”

“आणि मग नुसती खुर्ची. मला वाटलं, मशीन बिघडलं.”

“तुम्ही चहा टाकायला आत गेलात, बाबा. मी कॅमेरा तसाच चालू ठेवला.”

“सांगायचंस तरी. लगेच आलो असतो.”

“म्हणूनच नाही सांगितलं.”

“म्हणजे मी गेल्यावरचं आत्ताच काढून ठेवलंस म्हण की.”

“आवाज नीट ऐकला नाहीत तुम्ही. आतून कुणीतरी गुणगुणतंय.”

“कोण?”

“कोण म्हणजे? तुम्हीच.”

“मी गुणगुणतो?”

“रोज. आणि बेसूर.”

“तुझी आई कधी बोलली नाही.”

“सांगितलं तर तुम्ही बंद कराल, म्हणून. मला म्हणायची, ते ऐकू आलं की घर भरल्यासारखं वाटतं.”

तेवढ्यात नर्सने म्हाताऱ्याला बोलावलं. त्याने चष्मा काढून लेकीच्या हातात दिला आणि तो आत गेला.

शिवणकामवालीचे पाय भरून आले होते. मोकळ्या झालेल्या खुर्चीकडे ती दोन पावलं गेली आणि थबकली. बंद दाराआडून गुणगुणणं येत होतं, बेसूर, आणि चांगलं बाहेर ऐकू जाईल एवढं मोठ्याने.

ती पुन्हा भिंतीला जाऊन टेकली.