डब्याला ऊन

(दुष्काळातली दुपार, खर्ड्याजवळचं गाव. मद्रासहून मलयाळी सिनेमाचं युनिट घेऊन आलेला आमोस थोरल्या बहिणीच्या, मरियाच्या, ओट्यावर उभा आहे. त्याच्या हातात पत्र्याचा चपटा डबा.)

आमोस : आक्का, परत सांग. डबा उन्हात ठेवलास, की उघडून उन्हात ठेवलास?

मरिया : असा बगू नगंस बाबा.

आमोस : मी ओरडत नाही. फक्त सांग.

मरिया : आरं, तूच म्हनलास, फिलमीला गारवा लागतो. पेव रिकामंच हुतं, खाली ठिवलं डबं. आता पेवातनं काढल्याली ज्वारीबी आपन ऊन दावल्याबिगर वापरत न्हाई. आज उतरले तर आंबूस वास. म्हनलं, भावाची मद्रासची चीज, बुरशी लागंल. एकच काढला वर. बाकीच्या चारांना हात लावला न्हाई, देवाशपथ.

आमोस : आत काळा कागद होता. तो तरी तसाच ठेवलास ना?

मरिया : कागदासकट ऊन दावून काय उपेग? त्योबी सोडला.

आमोस : संपलं.

मरिया : काय संपलं? आत नुसती गुंडाळलेली करडी पट्टी हुती. घटकाभर ठिवली, पुन्ना बांधली, वरचा चिकटपट्टा हुता तसा लावला. येकबी चितार पुसलं न्हाई मी.

आमोस : चित्र अजून त्यावर उमटलेलंच नसतं, आक्का. मद्रासला अंधारात धुतल्यावर उमटतं. त्याआधी काडीचा उजेड लागला तरी सगळं जातं. तू तर हे ऊन दिलंस.

मरिया : देवा बापा! काय हुतं रं त्यात?

आमोस : विहीर.

मरिया : आमी बाया उतरल्यालो ती?

आमोस : तीच. तुम्ही तळाशी वाटीवाटीनं पाणी भरताय, तुमच्यातली लंकाबाई वर बघतेय. त्यासाठी तर इथवर आलो. केरळात उन्हाळ्यातही हिरवं असतं सगळं, मागितला तरी दुष्काळ मिळत नाही.

मरिया : मंग पुन्ना घे की. उद्या खडी फोडायला न्हाई जात आमी. समद्याजनींना सांगते.

आमोस : पाणी कुठंय? परवा विहीर आटली ती आटलीच.

मरिया : माजीच बुद्दी शेन खायला गेल्ती. आमोस, तुज्या दाजींना सांगू नगंस. गावात त्वांड दावायची सोय न्हाई ऱ्हायची.

आमोस : कुणालाच कळणार नाही. तू डबा होता तसा बांधलास. मद्रासची लॅब लिहील, फिल्मला उजेड लागला. बस, एवढंच.

मरिया : मंग आपसूक झालं म्हनायचं.

आमोस : आपसूक काही होत नाही. ते कॅमेरामनच्या गळ्यात पडतं. त्यानं फिल्म नीट भरली नाही, झाकण सैल ठेवलं, असंच म्हणतात. म्हणजे आपल्या शेखरनच्या.

मरिया : ज्यो काल ठेचा खाऊन रडत हुता, त्यो?

आमोस : तोच.

मरिया : ...वंगाळ बोलते मी, पन पडू दे की. तुजा पयलाच शिनिमा. पंदरा वरसं दुसऱ्यांच्या शिनिमाचा क्यामेरा धरलास.

आमोस : त्यातले सोळा महिने नाही धरला.

मरिया : म्हंजी?

आमोस : एका डायरेक्टरच्या भाच्यानं अंधारखोलीचं दार उघडलं. सगळ्यांना ठाऊक होतं. नाव माझं आलं. चोर सोडून संन्याशाला फाशी. मग सोळा महिने मला कुणी दारात उभं केलं नाही.

मरिया : तवाच तू बाच्या मातीला आला न्हाईस?

आमोस : तेव्हाच. लाज वाटली.

मरिया : आन मी मास्तरकडनं काय काय ल्हिवून घेतलं तुला! दगड झालास म्हनलं.

आमोस : जाऊ दे ते.

मरिया : खरं सांगितलंस तर काय करतील?

आमोस : सिनेमा काढून घेतील. प्रोड्यूसर आधीपासून म्हणतो, कॅमेरावाल्याला गोष्ट सांगता येते का? त्याची एकच अट होती, रोजचा डबा रोज मद्रासला धाडायचा. मी पाचही दिवसांचे डबे ठेवून घेतले, आज एकदम धाडणार होतो.

मरिया : का रं?

आमोस : धाडला की तिकडून कळतं, जमलं की फसलं. मला ते कळून घ्यायचंच नव्हतं. दुसऱ्याचा सिनेमा असला की मी डाराडूर झोपायचो. इथं आल्यापासून डोळ्याला डोळा नाही. तुझं ऊन आज पडलं, आक्का. चूक आधीच झाली होती.

मरिया : त्या शेकरनला लेकरं किती?

आमोस : दोन.

मरिया : मंग नगं बाबा. माजं नाव सांग. म्हन, बहीन अडानी हाय.

आमोस : तुझं कशाला? डबे मी ठेवले.

मरिया : डबा खाली ठिव... त्यो बग, आलाच शेकरन. नगरची यष्टी गाठायची म्हनून डबं न्यायला आला आसंल. मी आत जाते. तुमी तिकडच्या भाषेत बोलनार, मला काय कळनार?

आमोस : न्हाई कळलं तरी हितंच बस, आक्का. एकट्याला लई भ्या वाटतंय.