झाडाच्या पोटातून गाडी

धाकट्याच्या आजारपणात मी नवस बोलले होते, की वटपौर्णिमेला तोडलेली फांदी पुजणार नाही, झाडापाशीच जाईन. त्याच धाकट्यानं मला अमेरिकेत रेडवूडचं रान दाखवायला नेलं. एवढी उंच झाडं, हात आपोआप जोडले गेले! आणि एका जित्या झाडाला आरपार भोक पाडून त्यातनं गाड्या नेत होते. हाही निघाला.

"थांब! तुझ्या पोटातनं कुणी गाडी नेली तर चालेल?"

"आई, मागं रांग लागलीय की!"

"लागू दे."

मी उतरून झाडाला प्रदक्षिणाच घालायला लागले. शेवटी त्यानं हातापाया पडून मागच्या गाड्या हटवल्या आणि आपली मागं घेतली.

कुसुमताई, तुम्हीही लेकीकडं अमेरिकेला निघालात ना? त्या झाडापाशी गेलात तर उतरा, आणि जावयाला गाडी मागं घ्यायला लावा.